इंजिन ‘झुकझुक’ का करतं? बंब समोर ठेवून सांगतो

नमस्कार मंडळी! मागच्या व्हिडिओखाली कितीतरी जणांनी एकच लिहिलंय: ‘दादा, आगगाडी स्टीफन्सनने शोधली, विषय संपला.’ विषय संपत नाही हो. म्हणून तर आज आजीच्या मोरीतला हा पाणी तापवायचा तांब्याचा बंब टेबलावर आणून ठेवलाय.

सुरुवातीचं भरभर सांगतो. पाणी उकळलं, वाफेने दट्ट्या ढकलला, दट्ट्याने चाक फिरवलं. शाळेत झालंय हे. जेम्स वॅटची इंजिनं कमी दाबाची आणि अवजड, एका जागी बसून काम करणारी. कॉर्नवॉलच्या रिचर्ड ट्रेव्हिथिकने जास्त दाबाची वाफ वापरली, त्यामुळे इंजिन गाडीवर मावेल एवढं लहान झालं. २१ फेब्रुवारी १८०४ ला वेल्समधल्या पेनीडॅरनहून त्याच्या इंजिनाने दहा टन लोखंड आणि सत्तर माणसं नऊ मैलांहून जास्त ओढून नेली. वजनाने बिडाचे रूळ मोडले, पण गाडी पोचली! स्टीफन्सन तेव्हा बावीस वर्षांचा होता. ट्रेव्हिथिक १८३३ मध्ये वारला तेव्हा त्याच्या गाठीला पैसा नव्हता. त्याचं नाव गाळलेलं दिसलं की मला खरंच वाईट वाटतं, म्हणून प्रत्येक व्हिडिओत घेतो आणि घेत राहणार.

आता आजचा मुद्दा. हा बंब बघा. मधोमध नळकांडं, त्यात जाळ, भोवती पाणी. जुन्या इंजिनांचे बॉयलर असेच होते: एखादीच जाड नळी, भोवती पाणी. पाण्याला जाळाचा स्पर्श तेवढ्या नळीपुरताच, म्हणून वाफ कमी. आता समजा याच बंबात एकाऐवजी पंचवीस बारक्या नळ्या घातल्या. १८२९ च्या ‘रॉकेट’ नावाच्या इंजिनात नेमकं हेच केलं. तांब्याच्या पंचवीस नळ्या, प्रत्येक तीन इंच व्यासाची. ही कल्पना सुचवली हेन्री बूथने, जो लिव्हरपूल-मँचेस्टर रेल्वेचा सचिव होता. इंजिन बांधलं जॉर्ज स्टीफन्सनच्या मुलाने, रॉबर्टने.

पण बारक्या नळ्यांतून धूर सहज जात नाही. आमच्याकडे पावसाळ्यात बंब पेटेना की आजोबा ओरडायचे, ‘वरचं झाकण काढ, ओढ मिळू दे!’ ती ओढ, म्हणजे धूर वर आणि ताजी हवा आत खेचली जाणं, महत्त्वाची. गिरणीला उंच धुराडं बांधलं की ओढ मिळते. इंजिनाला पुलाखालून जायचंय, तिथे एवढं धुराडं कुठून आणणार?

मग ओढ कुठून आली? दट्ट्या ढकलून झालेल्या वाफेतून! ती वाया न घालवता धुराड्यात सोडली. जोराने वर जाताना ती आपल्याबरोबर धूर खेचून नेते आणि खालून निखाऱ्यांना ताजी हवा मिळते. वाफ धुराड्यात सोडली की आग चांगली फुलते, हे ट्रेव्हिथिकने १८०४ मध्येच पत्रात लिहून ठेवलंय.

एका ताईंनी विचारलंय, ‘भाता लावला असता तर?’ लावला होता! ऑक्टोबर १८२९ मध्ये इंग्लंडातल्या रेनहिलला पाचशे पौंडांच्या बक्षिसासाठी इंजिनांची स्पर्धा झाली, तिथल्या ‘नॉव्हेल्टी’ इंजिनाला भाता होता. पहिल्या दिवशी ती सुसाट पळाली, लोक खूश झाले, पण पुढे नळ्या फुटत गेल्या. चाचणी पूर्ण केली ती एकट्या ‘रॉकेट’ने.

पुन्हा सांगतो, कारण इथेच सगळे चुकतात. चढ लागला, इंजिनाला जास्त जोर लागला, जास्त वाफ धुराड्यात गेली. जास्त वाफ म्हणजे जास्त ओढ, जास्त ओढ म्हणजे जास्त आग, आणि त्यातून पुन्हा जास्त वाफ. कुणी भाता हलवायला नको. काम वाढलं की आग आपोआप वाढते.

आणि तिसऱ्यांदा, कानाने ऐका. ‘झुकझुक हा धुराचा आवाज’ असं लिहिणाऱ्या सगळ्यांसाठी. धूर असा ठेक्यात कधी निघतो का? तो आवाज त्याच वाफेचा, एकेक फुंकर धुराड्यातून सुटते तेव्हाचा!

१६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला गेलेल्या साहिब, सिंध आणि सुलतान या तिन्ही इंजिनांमध्ये हीच युक्ती होती. ती आली लँकेशायरच्या व्हल्कन फाउंड्रीतून, आणि रेनहिलही तेव्हा लँकेशायरमध्येच होतं!

आता एक करा. वाफेच्या इंजिनाचं कुठलंही रेकॉर्डिंग लावा, गाडी स्थानकातून नुकती सुटतानाचं. दोन सिलिंडर (दट्ट्या ज्यात सरकतो ती नळकांडी) आणि प्रत्येकात वाफ दट्ट्याला दोन्ही बाजूंनी ढकलणारी, असं साधं इंजिन निवडा. डोळे मिटा आणि मोजा. झुक, झुक, झुक, झुक. चार झाले? चाक एकदा फिरलं.