एन्सेलॅडसवर जाऊन थांबायचंय

मंडळी, आज ज्या यानाबद्दल बोलणारे ते अजून बनलेलंच नाहीये. त्याचं नाव ऑर्बिलँडर. आधी चंद्राभोवती फिरायचं आणि मग तेच यान खाली उतरवायचं, म्हणून ऑर्बिलँडर. जायचंय शनीच्या एन्सेलॅडस या चंद्रावर, आणि चंद्र म्हणजे किती तर जेमतेम 500 किलोमीटर व्यासाचा बर्फाचा गोळा. विल्यम हर्शेलने तो 1789 मध्ये शोधला आणि पुढे जवळपास दोनशे वर्षं दुर्बिणीतला एक ठिपका एवढीच त्याची ओळख होती.

चित्र पालटलं 2005 मध्ये. कॅसिनी यान तेव्हा शनीभोवती फिरत होतं, त्याच्या मॅग्नेटोमीटरला दिसलं की शनीचं चुंबकीय क्षेत्र या चंद्रापाशी येऊन वाकतंय, जणू काही त्याला वातावरण आहे. आता एवढ्याशा चंद्राला हवा धरून ठेवता येणंच शक्य नाही, मग हे काय? त्या मॅग्नेटोमीटरच्या प्रमुख शास्त्रज्ञ मिशेल डॉअर्टी आणि त्यांच्या टीमने आग्रह धरला की पुढच्या वेळी यान आणखी जवळून न्या, आणि त्या जुलैमध्ये ते 173 किलोमीटरवरून गेलं. दक्षिण ध्रुवाजवळ चार लांबच लांब भेगा, प्रत्येक सुमारे 130 किलोमीटरची, आजूबाजूच्या बर्फापेक्षा उबदार, आणि त्यातून वाफ आणि बर्फाचे बारीक कण सरळ अवकाशात उडतायत! खाली सगळीकडे पसरलेला खारा समुद्र आहे हे नंतर पक्कं झालं, चंद्र आपल्या अक्षावर थोडासा डुलतो त्या डुलण्यावरून, कारण आत सगळं घट्ट गोठलेलं असतं तर तो इतका डुललाच नसता.

मला यातली सगळ्यात आवडती गोष्ट म्हणजे या चंद्रातून उडालेले आणि कॅसिनीला मिळालेले वाळूचे कण. म्हणजे सिलिका, पण इतकी बारीक की एक कण काही नॅनोमीटरचा. सिलिका गरम पाण्यात विरघळते आणि पाणी गार झालं की कणाकणाने बाहेर पडते, आणि अशा मापाचे कण तयार व्हायचे तर तळाशी पाणी निदान 90 अंशांच्या आसपास असायला हवं. बरं, हे कण गार पाण्यात पडून राहिले तर मोठे होत जातात, आणि हे तर बारीकच राहिलेत, याचा अर्थ तळापासून वर यायला त्यांना फार वेळ लागलेला नाही, महिने किंवा थोडी वर्षं. बाहेर उणे 200 अंश, वर किलोमीटरच्या किलोमीटर बर्फ, आणि त्याच्या खाली खडकातून गरम झरे वाहतायत, हे सगळं डोळ्यांना न दिसणाऱ्या एका कणावरून कळलं. मी हे कितीतरी वेळा सांगितलंय आणि दर वेळी अंगावर काटा येतो.

पुढे यादी वाढतच गेली. 2017 मध्ये हायड्रोजन सापडल्याचं जाहीर झालं. गरम पाणी आणि खडक यांच्या रासायनिक क्रियेतून तो निघतो आणि पृथ्वीवर समुद्रतळाशी काही सूक्ष्मजीव तोच हायड्रोजन आणि कार्बन डायऑक्साइड वापरून मिथेन बनवतात आणि त्यावर जगतात, त्यांना सूर्यप्रकाश लागतच नाही. कार्बनचे मोठे गुंतागुंतीचे रेणू मिळाले. आणि 2023 मध्ये फॉस्फरस, फॉस्फेटच्या रूपात, जो डीएनएच्या कण्यात असतो. पाणी, ऊर्जा, कच्चा माल, तिन्ही हजर.

पण म्हणून तिथे जीव आहे असं नाही हं. जागा राहण्याजोगी आहे इतकंच कळलंय, कुणी राहतंय का हे वेगळं. बातम्यांमध्ये या दोन गोष्टींची सर्रास सरमिसळ होते आणि मला त्याचं खरंच वाईट वाटतं, कारण मधली पायरी फार अवघड आहे.

अवघड का, तर वेग. 2015 च्या ऑक्टोबरमध्ये कॅसिनी त्या फवाऱ्यातून गेलं ते फक्त 49 किलोमीटर उंचीवरून पण सेकंदाला साडेआठ किलोमीटर वेगाने. बर्फाचा कण त्या वेगाने उपकरणावर आपटला की आतले नाजूक रेणू फुटतात, मग तुकड्यांवरून मूळ वस्तू ओळखत बसायचं. शिवाय कॅसिनीची उपकरणं या कामासाठी बनवलेलीच नव्हती, यान 1997 मध्ये निघालं तेव्हा हे फवारे कुणाला माहीतही नव्हते. जाता जाता जेवढं बघता आलं तेवढं त्याने बघितलं, आता तिथे जाऊन थांबायला हवं, आणि माझं आजचं सगळं म्हणणं या एका शब्दात आहे, थांबायला.

आणि थांबणंच सगळ्यात कठीण. एन्सेलॅडसचं गुरुत्वाकर्षण पृथ्वीच्या जेमतेम एक टक्का, तो यानाला धरून कसा ठेवणार, आणि शेजारी शनी आपल्या ताकदीने ओढतोय. म्हणून आराखडा असा की 2038 मध्ये उड्डाण, सात वर्षांत शनीपाशी, आणि मग आणखी साडेचार वर्षं टायटन, ऱ्हिया, डायोनी, टेथिस अशा चंद्रांच्या जवळून पुन्हा पुन्हा जात वेग कमी करायचा. 2050 च्या सुमारास कक्षेत. दीड वर्ष वरून उतरायची जागा शोधायची, नंतर दोन वर्षं जमिनीवर. खर्च सुमारे 5 अब्ज डॉलर. 2022 च्या अमेरिकन ग्रहविज्ञान अहवालात मोठ्या मोहिमांमध्ये युरेनसनंतर दुसरा नंबर याला मिळालाय, म्हणजे शिफारस आहे, बांधायला मंजुरी नाही. युरोपियन स्पेस एजन्सीच्या तज्ज्ञांनीही 2024 मध्ये पुढच्या मोठ्या मोहिमेसाठी हाच चंद्र सुचवला.

मग गुरूचा बर्फाळ चंद्र युरोपा का नाही असं विचारतात. युरोपाकडे क्लिपर हे यान 2024 मध्येच निघालंय, पण तिथे गुरूचा किरणोत्सर्ग भयंकर आहे आणि समुद्र जाड बर्फाखाली. इथे समुद्र स्वतःच वर येतो, ड्रिल नको काही नको, फवाऱ्यातला बर्फ भुरभुरत परत खाली पडतो तो नरसाळ्यात गोळा करायचा, हळूच, न फोडता.

आणि त्यात बघायचं काय? अमिनो आम्लं डावी आणि उजवी अशा दोन रूपांत असतात, नुसत्या रसायनातून बनली तर साधारण निम्मी निम्मी, पण पृथ्वीवरचे जीव प्रथिनं बनवताना डावीच वापरतात. तिथे एकाच बाजूचा ढीग निघाला तर कान टवकारायचे. मेदाम्लांच्या साखळ्यांची लांबी बघायची, जीव ती ठरावीक मापात बनवतो. मायक्रोस्कोपखाली पेशीसारखं काही दिसतंय का ते बघायचं. एका खुणेवर कुणीही विश्वास ठेवू नये, चार-पाच वेगवेगळ्या चाचण्या एकाच दिशेला बोट दाखवतील तेव्हाच बोलायचं. आणि इथून एकही जंतू तिकडे जाता कामा नये, कॅसिनीला 2017 मध्ये मुद्दाम शनीत जाळलं ते याचसाठी.

आणि काहीच नाही सापडलं तर? तर मला निराशा नाही वाटणार. गरम झरे, हायड्रोजन, फॉस्फेट सगळं असून समुद्र रिकामा असेल तर आपल्याकडे जे घडलं ते तिथे का नाही घडलं हे शोधावं लागेल, आणि तो प्रश्न आज आपल्याला नीट विचारतासुद्धा येत नाही.

एक राहिलं. तिथला दक्षिण ध्रुव 2039 च्या सुमारास सूर्याकडे पाठ फिरवेल आणि साधारण पंधरा वर्षं काळोखात जाईल, म्हणजे हे यान उतरेल ते अंधारात. सोलर पॅनेलचा उपयोग नाही, अणुबॅटरीवर चालायचं, आणि इथून पाठवलेला संदेश पोचायला सव्वा तासाच्या आसपास लागणार, त्यामुळे उतरतानाचे निर्णय त्याचे त्यालाच घ्यावे लागतील. आणि पाय टेकले की नरसाळं उघडून वरून पडणाऱ्या बर्फाची वाट बघायची.