नाव ठेवणारी आत्या

नमस्कार श्रोतेहो.

बारशाच्या घरी बायकांचा गलका एकदाच थांबतो. 'कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या' झालेलं असतं, घुगऱ्या वाटायच्या राहिलेल्या असतात. आत्या पाळण्यात वाकते, बाळाच्या कानाशी 'कुर्रर्र' करते आणि नाव सांगते. सांगून होतं न होतं तोच तिच्या पाठीत धपाधप बुक्के बसतात. माझ्या भाच्याच्या बारशाला वहिनीच्या मावशीनं असा काही बुक्का घातला, की दोन दिवस मला कुशीवर वळता येईना.

मराठीत नाव ठेवणं वेगळं आणि नावं ठेवणं वेगळं. आत्याबाई दोन्ही करतात. केळवणाचा मठ्ठा पांचट झाला हे पहिल्यांदा तिलाच कळतं. मावशीचं बरं असतं. 'माय मरो पण मावशी जगो' म्हणून ती मोकळी. आत्याच्या वाट्याला म्हण आली ती मिशांची. आत्याबाईला मिशा असत्या तर काका म्हटलं असतं! या म्हणीला मी पूर्वी हसायचे. आता हसू येत नाही, कारण मिशा असत्या तर सातबाऱ्यावरचं नावही राहिलं असतं.

वडिलांच्या मिळकतीत मुलीला वाटा १९५६च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानं दिला. वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच जन्मापासूनचा हक्क महाराष्ट्रानं १९९४ साली दिला, आणि देशभर तो २००५ साली आला. म्हणजे आजोबा गेले की वारसनोंदीत आत्याचं नाव लागतं. मग घरात एक शब्द हळू आवाजात फिरायला लागतो : हक्कसोड.

आमच्या आत्याबरोबर नोंदणी कार्यालयात मी गेले होते. भावांनी घेतलेली नवी इरकल ती नेसली होती. कॅमेऱ्यासमोर बसवल्यावर तिनं पदर सारखा केला, जणू लग्नाचाच फोटो. अंगठा यंत्रावर उमटेना, कामानं रेषा झिजलेल्या. कारकुनानं तो ओल्या फडक्यानं पुसायला लावला, चौथ्यांदा उमटला. बाहेर काकांनी सगळ्यांना वडा-चहा दिला. मी म्हटलं, "आत्या, कशाला सोडलंस गं?" वडा मोडत ती म्हणाली, "एकरभर घेऊन भाऊबीजेला कुणाच्या दारात जाऊ?"

या हिशेबात ती चुकली असं मला म्हणवत नाही. बाळंतपण, आजारपण, नवऱ्याशी बिनसलं तर चार दिवस टेकायला जागा, हे सगळं माहेराच्या उंबऱ्याशी बांधलेलं. पण भावांना असा हिशेब कधीच मांडावा लागला नाही, हेही खरं.

पुढे फेरफार झाला, सातबाऱ्यावरून तिचं नाव कमी झालं. वर्षभरात धाकट्या काकांना मुलगी झाली. बारशाचं पहिलं बोलावणं आत्याला गेलं. ती आली, तीच इरकल नेसून, आणि पाळण्यात वाकली. बुक्के घालायला मागे आम्ही सगळ्या हात उगारून उभ्या होतो.