गुडघा, कडी आणि ठोकळा: जर्मन आणि अमेरिकन लष्करी पिस्तुलांची सव्वाशे वर्षं

(दृश्य: काळ्या कापडावर शेजारी शेजारी दोन पिस्तुलं. कॅमेरा मागच्या बाजूने हळूहळू जवळ जातो.)

डावीकडचं जर्मन, पी-08. सगळं जग त्याला ल्यूगर म्हणतं. उजवीकडचं अमेरिकन, एम-1911. दोघांच्या वयात अवघा तीन वर्षांचा फरक, आणि दोघांपुढचा प्रश्नही एकच: नळीचं मागचं तोंड किती वेळ बंद ठेवायचं आणि नेमकं कधी उघडायचं.

काडतुसातली दारू पेटली की वायूचा दाब गोळीला पुढे लोटतो आणि पितळी पुंगळीला मागे. गोळी नळीबाहेर पडायला सेकंदाचा हजारावा भागही लागत नाही. पण तेवढ्यात मागचं दार उघडलं तर पुंगळीची पातळ भिंत निराधार होते आणि फाटते. खिशात मावणाऱ्या छोट्या पिस्तुलांचं काडतूस बेताच्या ताकदीचं असतं. तिथे जड स्लाइड (नळीवरून मागे-पुढे सरकणारा पोलादी भाग) आणि एक स्प्रिंग एवढ्यावर भागतं. लष्करी काडतुसाला मात्र कुलूप लागतं. नळी आणि दार एकमेकांत अडकून थोडं अंतर जोडीने मागे सरकतात, तोवर गोळी निघून जाते, दाब उतरतो, आणि मग कुलूप सुटतं.

(दृश्य: बोर्शार्ट सी-93 चं जुनं छायाचित्र.)

सुरुवात झाली बर्लिनमध्ये, 1893 साली. ह्यूगो बोर्शार्ट जन्माने जर्मन, पण बंदुकांचं काम शिकला अमेरिकेत. शार्प्स आणि विंचेस्टर या कारखान्यांत त्याची उमेदवारी झाली. लुडविग लोव्ह कंपनीसाठी त्याने बनवलेलं सी-93 हे बऱ्यापैकी संख्येने विकलं गेलेलं पहिलं स्वयंभरण पिस्तूल. त्याचं कुलूप मॅक्झिम मशीनगनवरून घेतलेलं, माणसाच्या गुडघ्यासारखं. पाय ताठ असताना तळव्याला कितीही रेटा दिला तरी गुडघा वाकत नाही. पण मागून हलकासा धक्का लागला तरी पाय दुमडतो. बोर्शार्टने आणखी एक गोष्ट केली, ती आजतागायत टिकली आहे. आठ काडतुसांचं सुटं मॅगझिन त्याने मुठीच्या आत बसवलं.

पण पिस्तूल लांबलचक आणि बोजड होतं. मागे स्प्रिंगसाठी मोठा फुगवटा, मूठ जवळजवळ काटकोनात. ते हातात नीट बसत नसे. ते सुधारायचं काम आलं टायरॉलच्या गेऑर्ग ल्यूगरकडे. लोव्ह कंपनीचं तोवर डीडब्ल्यूएम (शस्त्रं आणि दारूगोळा बनवणारी जर्मन कंपनी) झालं होतं. ल्यूगरने स्प्रिंग मुठीच्या मागच्या कण्यात नेली, मूठ तिरकी केली, काडतूस आखूड केलं. 1900 साली स्वित्झर्लंडने ते आपल्या सैन्यासाठी घेतलं, 1904 मध्ये जर्मन नौदलाने, आणि 1908 मध्ये जर्मन भूसेनेने. मधल्या काळात ल्यूगरने काडतुसाचं तोंड रुंदावून त्यात 9 मिलिमीटरची गोळी बसवली होती. हेच 9 बाय 19 पॅराबेलम: गोळी 9 मिलिमीटर रुंद, पुंगळी 19 मिलिमीटर लांब. आपल्याकडे पोलीस ज्याला नुसतं ‘नाइन एमएम’ म्हणतात, तेच हे काडतूस. या पिस्तुलाइतकंच ते काडतूस महत्त्वाचं आहे, म्हणून ते लक्षात ठेवा.

(दृश्य: ल्यूगरचा गुडघा अगदी जवळून. दोन गोल मुठळ्या मागे जातात, उतारावर चढतात, सांधा वर दुमडतो.)

आता गुडघा चालतो कसा ते पाहा. तीन पिना, दोन दांडे. मधली पिन पुढच्या-मागच्या पिनांना जोडणाऱ्या रेषेच्या किंचित खाली आहे. म्हणून पुंगळीचा रेटा आला की सांधा वर उचलला न जाता खाली दाबला जातो. कुलूप लागलेलं. नळी आणि सांधा मिळून काही मिलिमीटर मागे येतात, तेव्हा दोन्ही बाजूंच्या मुठळ्या चौकटीच्या उतारावर आपटतात आणि सांधा वर ढकलला जातो. मधली पिन रेषेच्या वर गेली की मग त्याला अडवणारं काही राहत नाही. गुडघा दुमडतो, पुंगळी उडते, स्प्रिंग सगळं परत ताठ करते आणि जाता जाता वरचं काडतूस नळीत लोटते.

पुंगळी ओढणाऱ्या आकड्याच्या कडेवर ‘गेलाडेन’ असं कोरलेलं असतं, म्हणजे ‘भरलेलं’. नळीत काडतूस असलं की आकडा जरा वर उचलला जातो आणि अक्षरं दिसू लागतात. अंधारात बोटालाही कळतं. इतकं नेटकं काम पाहिलं की कारागिराला हात जोडावेसे वाटतात.

पण हीच नेटकेपणाची बाजू रणांगणावर अंगाशी आली. गुडघ्याला पुरता झटका देईल एवढ्या ताकदीचं काडतूस हवं. ते कमजोर निघालं की सांधा अर्धवट दुमडतो आणि पुंगळी अडकते. मॅगझिन तिरकं आणि त्याची स्प्रिंग इतकी ताठ की ते भरायला कातडी म्यानात वेगळं अवजार देत. चापाचा धक्का काडतुसावर आघात करणाऱ्या पिनेकडे नेणारी पट्टी डाव्या बाजूला जवळजवळ उघडी. तिथे चिखल शिरला की काम थांबलं. शिवाय सुटे भाग एकेका पिस्तुलासाठी हाताने जुळवलेले असत. म्हणून तर छोट्या छोट्या भागांवरसुद्धा क्रमांकाचे शेवटचे दोन आकडे ठोकलेले दिसतात. एका ल्यूगरचा भाग दुसऱ्यात बसेलच याची खात्री नाही. खंदकात बसलेल्या सैनिकाला ही अडचण भारी पडते.

(दृश्य: माउजर सी-96, लाकडी खोळीसह.)

याच काळातलं माउजर सी-96 थोडक्यात. मॅगझिन चापाच्या पुढे, दहा काडतुसं वरून पट्टीने भरायची, लाकडी खोळ मागे जोडली की तीच खांद्याला टेकायचा दस्ता. 1916 मध्ये जर्मन सैन्याने दीड लाखांची मागणी नोंदवली, तीही 9 मिलिमीटरमध्ये. चुकून जुनं काडतूस भरलं जाऊ नये म्हणून मुठीवर लाल रंगाने मोठा 9 कोरला. पण ती पर्यायी सोय होती. मुख्य पिस्तूल ल्यूगरच राहिलं.

(दृश्य: यूटा राज्यातलं ऑग्डेन गाव, जुनं छायाचित्र. मग जॉन ब्राउनिंग.)

ब्राउनिंग हे नाव मराठी माणसाला नवं नाही. 21 डिसेंबर 1909 ला नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर झाडलेलं पिस्तूल ब्राउनिंग बनावटीचं होतं. सावरकरांनी लंडनहून पाठवलेल्या वीसांपैकी एक. ते बनावटीचं नाव ज्याच्यावरून पडलं, तो हा ऑग्डेनचा जॉन मोझेस ब्राउनिंग.

अमेरिकन सैन्याचा अनुभव फिलिपिन्सचा होता. तिथल्या मोरो लढवय्यांना .38 (म्हणजे 0.38 इंच व्यासाच्या) रिव्हॉल्व्हरची गोळी लागूनही ते थांबत नाहीत, अशा तक्रारी सतत येत राहिल्या. 1904 मध्ये थॉम्प्सन आणि लगार्ड या दोन अधिकाऱ्यांनी शिकागोच्या कत्तलखान्यात जनावरांवर आणि मृतदेहांवर वेगवेगळ्या गोळ्या झाडून पाहिल्या. त्यांची शिफारस स्पष्ट होती: .45 पेक्षा कमी व्यासाची गोळी नको.

त्याआधी, 1901 मध्ये, अमेरिकन सैन्याने चाचणीसाठी चक्क एक हजार ल्यूगर विकत घेतली होती. 1907 मध्ये स्प्रिंगफील्ड शस्त्रागारात स्पर्धा लागली, तेव्हा ल्यूगर पुन्हा आलं. या खेपेला .45 च्या काडतुसासाठी मोठं करून. जर्मन गुडघा, अमेरिकन काडतूस. डीडब्ल्यूएमने पुढे स्वतःहून माघार घेतली आणि मैदानात उरल्या कोल्ट आणि सॅव्हेज या दोन अमेरिकन कंपन्या. कोल्टचं पिस्तूल ब्राउनिंगचं.

(दृश्य: एम-1911 ची स्लाइड काढून नळी वेगळी केलेली. नळीखालची कडी बोटाने हलवली जाते.)

ब्राउनिंगचं कुलूप पाहिलं की वाटतं, हे आधी कुणाला कसं सुचलं नाही! नळीच्या पाठीवर आडव्या कडा, स्लाइडच्या आत तेवढ्याच खाचा. नळी वर असली की कडा खाचांत बसतात; नळी खाली उतरली की सुटतात. तिला उतरवते एक छोटी कडी, फ्रेमच्या (मुठीसह खालच्या सांगाड्याच्या) पिनेवर झुलणारी. नळी मागे सरकते तशी कडी गोल फिरते आणि नळीचं बूड खाली ओढते. बस, एवढंच.

पहिल्या आराखड्यात कड्या दोन होत्या, पुढे एक आणि मागे एक. नळी सरळ खाली उतरे. पण स्लाइड पुढून आडव्या पाचरीने धरलेली असे. ती पाचर निसटली किंवा तुटली तर अख्खी स्लाइड मागे, गोळी झाडणाऱ्याच्या तोंडावर. ब्राउनिंगने पुढची कडीच काढून टाकली. नळीचं तोंड एका गोल बुशात बसवलं, आणि स्लाइडची रचना अशी केली की ती मागे निघूच शकणार नाही. ती फक्त पुढून काढता येते. या बदलाचं मोल पुन्हा एकदा कळलं, त्याला मात्र 1980चं दशक उजाडावं लागलं. तिथे येऊच.

अंतिम चाचणीत कोल्टच्या एकाच पिस्तुलातून 6000 गोळ्या झाडल्या. एकदाही अडकलं नाही. सॅव्हेजचं 37 वेळा अडकलं. 29 मार्च 1911 ला कोल्ट स्वीकारलं गेलं. मॅगझिनमध्ये सात काडतुसं, पाच इंची नळी, वजन साधारण 1.1 किलो. अंगठ्याचा सेफ्टी खटका घोडदळाच्या आग्रहामुळे आला. एका हातात लगाम, दुसऱ्यात भरलेलं पिस्तूल, आणि ते तसंच म्यानात परत ठेवायचं. अशा स्वाराला खटका हवाच.

एम-1911 चे भाग मोकळे बसतात. हलवलं तर किंचित खडखडतं. त्या फटीत वाळू आणि चिखल मावतो, म्हणून ते चालत राहतं. बिघडतं तेही ठरावीक ठिकाणी. पुंगळी ओढणारा आकडा हीच एक लांब स्प्रिंग-पट्टी आहे. तिचा ताण गेला की पुंगळ्या नीट निघत नाहीत. मॅगझिनचे ओठ फाकले की काडतूस वाकडं चढतं. पुढचा बुश झिजला की नेम विखुरतो. तिन्ही दोष सुटा भाग बदलून दूर होतात, कारण दुसऱ्या महायुद्धात वेगवेगळ्या कारखान्यांनी केलेले भाग एकमेकांत बसावेत हाच ठेक्याचा मुख्य नियम होता. सर्वांत जास्त पिस्तुलं केली टाइपरायटर बनवणाऱ्या रेमिंग्टन रँडने. शिलाई यंत्रांच्या सिंगरने मात्र फक्त 500.

(दृश्य: वॉल्थर पी-38. स्लाइड वरून उघडी, नळी पूर्ण दिसते.)

जर्मनीत 1930 च्या दशकात ल्यूगरचा खर्च आणि त्याला लागणारे श्रम परवडेनासे झाले. वॉल्थरने तिसरं कुलूप आणलं. नळीखाली एक ठोकळा, त्याला दोन कान. कान स्लाइडच्या खाचांत अडकले की कुलूप बंद. नळी मागे येते, तिच्या बुडातली लहानशी पिन फ्रेमवर टेकते आणि ठोकळ्याला खाली ढकलते. नळी मात्र सरळच मागे जाते. वाकत नाही, झुकत नाही. सैनिकाच्या दृष्टीने त्याहून मोठी सोय चापात होती. नळीत काडतूस, घोडा खाली, आणि तरी चाप लांब ओढला की पहिली गोळी सुटते. खटका दाबला की चढवलेला घोडा खाली येतो. रिकामी पुंगळी डावीकडे पडते, हे पाहून नवखा हमखास चकित होतो.

1938 मध्ये पी-38 लष्कराचं झालं आणि 1942 नंतर भूसेनेला ल्यूगर मिळेनासं झालं. दहा लाखांवर पी-38 तयार झाली. युद्धानंतर पश्चिम जर्मन सैन्याने तेच अ‍ॅल्युमिनियमच्या फ्रेमवर पुन्हा सुरू केलं; 1963 पासून त्याचं नाव पी-1. मऊ धातूवर ठोकळ्याचे दणके बसून फ्रेम झिजू लागली, तेव्हा तिथे पोलादाची षट्कोनी आडवी पिन घातली. पी-1 हाताळायला मिळालं तर आधी ती पिन शोधा.

इथून कुलपांची अदलाबदल सुरू होते. वॉल्थरचा ठोकळा इटलीत बेरेटाने उचलला. 1985 मध्ये अमेरिकन सैन्याने .45 सोडून बेरेटाचं 92 घेतलं, एम-9 या नावाने. म्हणजे ज्या सैन्याने ल्यूगरचं काडतूस लहान म्हणून नाकारलं होतं, त्याच सैन्याने ते काडतूस घेतलं आणि सोबत वॉल्थरचं कुलूपही. थोड्याच वर्षांत काही स्लाइडी मधोमध तुटून मागचा तुकडा झाडणाऱ्याच्या तोंडावर आला आणि सैनिक जखमी झाले. ब्राउनिंगने पाऊणशे वर्षांपूर्वी मिटवलेला धोका तो हाच. उपाय म्हणून घोड्याच्या पिनेचं डोकं मोठं केलं. स्लाइड तुटली तरी ते डोकं खाचेत अडकून तिला मागे येऊ देत नाही.

उलट दिशेचा प्रवास बेल्जियममार्गे झाला. ब्राउनिंगचं अखेरचं काम त्याच्या मृत्यूनंतर द्यूदोने सैव्हने पूर्ण केलं, तेच 1935चं हाय-पॉवर. झुकणारी नळी ब्राउनिंगची, काडतूस ल्यूगरचं, आणि झुलत्या कडीऐवजी नळीखाली कोरलेली पक्की खाच; झिजायला एक भाग कमी. बेल्जियम ताब्यात आल्यावर जर्मनांनी ते स्वतःसाठी तीन लाखांवर बनवून घेतलं. भारतीय सैन्याचं ईशापूरमध्ये तयार होणारं 9 मिमी 1ए हेही त्याचंच रूप.

(दृश्य: जर्मन पी-8 आणि अमेरिकन एम-17, शेजारी शेजारी.)

1990 च्या दशकात जर्मन सैन्याने पी-1 च्या जागी हेकलर अँड कोखचं पी-8 घेतलं. त्यात ठोकळा नाही, नळी झुकते. 2017 मध्ये अमेरिकेने एम-9 च्या जागी सिग साउअरचं पी-320 निवडलं. त्यातही नळी झुकते. पाठीवरच्या कडा गेल्या. आता नळीचं चौकोनी बूडच स्लाइडच्या खिडकीत अडकतं, तेवढाच फरक.

दोन्ही पिस्तुलांत काडतूस एकच, 9 बाय 19. 1907 मध्ये स्प्रिंगफील्डच्या टेबलावर अमेरिकन काडतूस जर्मन कुलपात बसवून आणलं होतं. आज दोन्ही सैन्यांच्या कमरेला जर्मन काडतूस अमेरिकन कुलपात आहे.

(दृश्य: दोन्ही स्लाइडी एकाच वेळी मागे. दोन नळ्या, एकाच कोनात झुकलेल्या.)