मार्सेल लेव्हेक: दरोडेखोरांच्या कथेतला विनोदी नट

अध्यक्ष महोदय, पदाधिकारी आणि बंधु-भगिनींनो,

फ्रेंच मूकपटांचा विषय निघाला की विनोदी नट माक्स लँदेर यांचे नाव हमखास घेतले जाते. मार्सेल लेव्हेक मात्र आज फ्रान्समध्येही फारसे कोणाला आठवत नाहीत. १८७७ साली पॅरिसमध्ये जन्मलेले, सडपातळ अंगाचे, टक्कल आणि लांबलचक नाक लाभलेले हे गृहस्थ हलक्याफुलक्या नाटकांतून पडद्यावर आले आणि गोमाँ या चित्रपट कंपनीच्या लुई फ्युयाद या दिग्दर्शकाच्या नजरेत भरले.

१९१५-१६ मध्ये, महायुद्ध ऐन भरात असताना, फ्युयाद यांची ‘ले व्हाँपीर’ ही दहा भागांची चित्रमालिका प्रदर्शित झाली. नाव पिशाचांचे असले तरी कथा आहे ती पॅरिसमधल्या एका गुन्हेगार टोळीची. तिचा माग काढणाऱ्या पत्रकाराचा सहकारी माझामेत ही लेव्हेक यांची भूमिका. पहिल्याच भागात हा माझामेत त्या पत्रकाराची कागदपत्रे चोरताना पकडला जातो आणि दाईकडे ठेवलेल्या लेकरांच्या खर्चाची अडचण सांगून गयावया करतो. पुढे तोच नायकाचा विश्वासू साथीदार बनतो, बक्षिसाच्या पैशाने श्रीमंतही होतो. नायक एदुआर माते यांचा चेहरा, स्पष्टच सांगायचे तर, जरा कोराच आहे. लेव्हेक मात्र भर प्रसंगात कॅमेऱ्याकडे वळून भुवया उंचावतात आणि तमाशातल्या सोंगाड्याप्रमाणे प्रेक्षकांनाच आपल्या बाजूला ओढून घेतात. खून, विष आणि अपहरण यांच्या त्या गर्दीत मालिका माणसांची वाटते, ती त्यांच्यामुळे.

१९१७ च्या ‘झ्युदेक्स’ मालिकेत त्यांनी कोकाँताँ हा भित्रा, पण मनाने चांगला खासगी गुप्तहेर रंगवला. ‘बू द झाँ’ या नावाने प्रसिद्ध असलेल्या बालनटाबरोबरची त्यांची जोडी दोन्ही मालिकांत आहे, आणि त्या खोडकर पोरापुढे मोठ्या माणसाची होणारी तारांबळ आजही हसवते. त्यानंतर ‘सेर्पांताँ’ या पात्राभोवती त्यांचे स्वतंत्र विनोदी लघुपट निघाले. तरीही माझ्या मते लेव्हेक यांना शेजारी काहीतरी भयंकर घडत असणे आवश्यक होते. त्यांची ती नजर खुलते ती धोक्याच्या छायेतच.

बोलपट आल्यावर त्यांच्या वाट्याला दुय्यम भूमिका आल्या. दिग्दर्शक झाँ रन्वार यांच्या १९३६ सालच्या ‘ल क्रीम द मस्य लांज’ या चित्रपटामध्ये ते इमारतीचे रखवालदार आहेत, आणि तिथे त्यांचा आवाजही ऐकायला मिळतो. १९६२ साली त्यांचे निधन झाले.