डोक्यातलं पाणी, पोटात जाणारी नळी

(दृश्य: ऑपरेशन थिएटर. हिरव्या कापडाखाली काही महिन्यांचं बाळ. उघडा आहे फक्त कानामागचा भाग आणि पोटाचा छोटा चौकोन.)

ऑपरेशन डोक्याचं, मग पोट कशाला उघडं ठेवलंय? बाहेर बाकावर बसलेल्या आजीलाही हा प्रश्न पडला असणार.

उत्तर मेंदूतल्या पाण्यात आहे. हे पाणी मुळात आजार नव्हे, ते तुमच्या-माझ्याही डोक्यात असतं. मेंदूच्या आतल्या चार पोकळ्यांमध्ये ते तयार होतं, अरुंद वाटांनी खाली उतरतं, मेंदू आणि मज्जारज्जूभोवती फिरतं आणि पुन्हा रक्तात शोषलं जातं. मोठ्या माणसात दिवसाला साधारण ५०० मिलिलिटर पाणी तयार होतं, पण एका वेळी साठा असतो जेमतेम १५० मिलिलिटर. म्हणजे दिवसातून तीनदा तरी सगळं पाणी बदलतं. वाट कुठं तुंबली किंवा शोषणं मंदावलं, तरी तयार होणं काही थांबत नाही. पोकळ्या फुगत जातात आणि मेंदू कवटीवर दाबला जातो. यालाच डॉक्टर हायड्रोसेफॅलस म्हणतात.

(दृश्य: घराची मोरी. पायांवर आडवं घेतलेलं तान्हं बाळ, टाळूवर तेल घालणारा हात.)

तान्ह्या बाळाच्या कवटीची हाडं जुळलेली नसतात, त्यामुळे आतला दाब वाढला की डोकंच वाढत जातं. घरात हे सगळ्यात आधी कळतं ते बाळाला न्हाऊ-माखू घालणाऱ्या बाईला. बाळ शांत आणि उभं धरलेलं असताना टाळू किंचित खोलगट असते, बोटाला ठोके लागतात. इथं ती ताणलेली, वर आलेली लागते. मागच्या महिन्यातलं टोपडं बसत नाही. कपाळावर शिरा दिसू लागतात. बुबुळं खाली झुकतात आणि त्यांच्यावरचा पांढरा भाग उघडा पडतो. जन्मताना डोक्याचा घेर ३३ ते ३५ सेंटिमीटर असतो, वर्षाच्या बाळाचा ४६ च्या आसपास. मोजपट्टी फिरवायला अर्धं मिनिट पुरतं. तरीही बाळाचं वजन होतं, उंची होते आणि डोक्याचा घेर तेवढा राहून जातो, हे माझं जुनं गाऱ्हाणं आहे.

पाणी तुंबण्याची कारणं अनेक: जन्मतःच अरुंद असलेली वाट, नीट न मिटलेला मणका, वेळेआधी जन्मलेल्या बाळाच्या मेंदूतला रक्तस्राव, गाठ, मेंदूज्वर. आपल्याकडे टीबीचा मेंदूज्वर हे मोठं कारण. वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजमधल्या डॉक्टरांनी १९९१ साली अशा रुग्णांची चार टप्प्यांत प्रतवारी मांडली. शंट, म्हणजे मेंदूतलं पाणी पोटात नेणारी नळी, कुणाला लाभेल हे ठरवताना ती आजही वापरली जाते. जन्मल्यावर टोचतात ती बीसीजी लस लहान मुलांना वाचवते ती मुख्यतः टीबीच्या अशाच गंभीर प्रकारांपासून.

(दृश्य: पुन्हा थिएटर. सर्जनच्या हातात पातळ, पारदर्शक नळी.)

आता पोटाकडे येऊ. सर्जन कानामागे किंवा थोडं वर कवटीला बारीक भोक पाडतात. पोटावर छोटा छेद घेऊन आतलं आवरण उघडतात. मग एक लांब पोकळ सळई कातडीखालून, मानेवरून, छातीवरून थेट पोटापर्यंत सरकवली जाते आणि तिच्यातून नळी ओढून घेतात. पाहणाऱ्याच्या अंगावर काटा येतो, पण सळई कातडी आणि स्नायू यांच्या मधूनच जाते. शेवटी नळीचं वरचं टोक मेंदूतून पोकळीत उतरतं. दुसऱ्या टोकाला थेंब दिसतो, नितळ, पाण्यासारखा. तो दिसेपर्यंत थिएटरमध्ये कुणी बोलत नाही. मग खालचं टोक पोटात सोडतात. तिथं आलेलं पाणी शरीर शोषून घेतं. बाळ वाढेल, उंच होईल, म्हणून नळी मुद्दाम जास्तीची, वेटोळं करून ठेवतात.

सगळं मिळून साधारण तासाभराचं काम. न्यूरोसर्जरीतलं हे सोपं ऑपरेशन, असं म्हणायची पद्धत आहे. मला ते पटत नाही. नळी बसवणं सोपं असेल, पुढची वर्षं सोपी नसतात.

(दृश्य: बोटाच्या पेराएवढी झडप, जवळून.)

नुसती नळी चालत नाही. माणूस उभा राहिला की डोकं वर, पोट खाली. पिंपातून नळीनं रॉकेल ओढतात तसं पाणी ओढलं जाईल, मेंदू कवटीपासून सुटेल आणि मधल्या जागेत रक्त साचेल. म्हणून मध्ये झडप हवी: ठरावीक दाबालाच उघडणारी, एकाच दिशेनं पाणी सोडणारी.

अमेरिकेत फिलाडेल्फियात नल्सन आणि स्पिट्झ या डॉक्टरांनी १९४९ साली अशी झडप वापरून पाहिली. पण वर्षानुवर्षं शरीरात टिकेल अशी झडप आली ती एका बापाकडून. जॉन होल्टर हा कुलपांसाठी नावाजलेल्या येल अँड टाऊन कंपनीतला कारागीर. १९५५ च्या नोव्हेंबरात त्याचा मुलगा केसी मणक्यातली फट घेऊन जन्मला आणि त्याच्या डोक्यात पाणी साठू लागलं. सुई टोचून पाणी काढणं चालू होतं. झडपेचं घोडं कुठं अडलंय ते होल्टरनं डॉक्टर स्पिट्झ यांच्याकडून समजून घेतलं आणि घरच्या कामाच्या जागेत तो खटपटीला लागला. त्याची युक्ती अशी: लवचिक रबरी टोपीला बारीक चीर. आतून दाब आला की चीर उघडते, उलटा आला की मिटते. साधं रबर शरीरात टिकेना, म्हणून त्यानं सिलिकोन घेतलं. १९५६ साली ही झडप रुग्णात बसली, पण पहिला रुग्ण केसी नव्हता. केसी लहानपणीच गेला. होल्टरची झडप मात्र जगभर गेली.

१९६० साली न्यूयॉर्कमध्ये एका टॅक्सीनं बाबागाडीला धडक दिली. आत होता लेखक रोआल्ड डाल यांचा चार महिन्यांचा मुलगा थिओ. डोक्याला मार लागून त्याच्याही मेंदूत पाणी साठलं. त्याला बसवलेली नळी सारखी तुंबायची. डाल यांनी लंडनचे न्यूरोसर्जन केनेथ टिल आणि मॉडेल विमानांचे चिमुकले पंप बनवणारे स्टॅन्ली वेड यांना एकत्र आणलं. त्यांची झडप १९६२ मध्ये तयार झाली, तोवर थिओला तिची गरज उरली नव्हती. तिघांनी ठरवलं, यातून नफा घ्यायचा नाही.

(दृश्य: उत्तर प्रदेशाचा नकाशा, त्यावर शाहजहानपूर. मग युगांडा.)

पुढे झडपा महागत गेल्या. लखनौचे न्यूरोसर्जन डॉ. छाब्रा यांच्या नावानं ओळखला जाणारा शंट शाहजहानपूरला तयार होतो. युगांडातल्या म्बाले गावी मुलांच्या रुग्णालयात डॉ. बेंजामिन वॉर्फ यांनी १९५ मुलांवर तुलना केली: एकीकडे ३५ डॉलरचा छाब्रा शंट, दुसरीकडे ६५० डॉलरच्या आसपासचा कॉडमन-हकीम. २००५ साली निकाल छापून आला. वर्षभरानंतर दोन्हींत फरक नव्हता. हे वाचून शाहजहानपूरकरांची कॉलर ताठ झाली असेल तर ती व्हायलाच हवी.

पण स्वस्त असो की महाग, शंट तुंबतो. उत्तर अमेरिका आणि युरोपातल्या ३४४ मुलांवर तीन प्रकारच्या झडपा तपासल्या गेल्या. १९९८ चा तो निकाल सांगतो की पहिल्याच वर्षात दहापैकी सुमारे चार शंट निकामी झाले, झडप कुठलीही असो. जंतुसंसर्ग झाला तर सहसा पहिल्या काही महिन्यांत होतो. मग नळी काढायची, बाहेरून निचरा ठेवायचा, अँटिबायोटिक द्यायचं आणि पुन्हा नवी बसवायची.

(दृश्य: पावसात पूल बुडालेली नदी.)

शंट तुंबला की उलट्या, डोकेदुखी, चिडचिड, मग गुंगी. मोठं शहर असेल तर त्याच रात्री ऑपरेशन होतं. गडचिरोलीतल्या भामरागडहून नागपूर ३०० किलोमीटरहून दूर आहे आणि पर्लकोटेला पूर आला की तिथला रस्ताच बंद होतो. वॉर्फ यांच्यापुढेही हीच अडचण होती. त्यांनी दुर्बिणीनं मेंदूच्या तिसऱ्या पोकळीच्या तळाला भोक पाडून पाण्याला नवी वाट दिली आणि पाणी बनवणारा भाग थोडा जाळून टाकला. शरीरात परकी वस्तू राहत नाही, म्हणजे तुंबायला नळीच नाही. तान्ह्या बाळांत नुसतं भोक पुष्कळदा पुरत नाही, म्हणून जाळण्याची ही जोड. म्बालेत १०० बाळांवर शंट आणि ही पद्धत यांची तुलना झाली. २०१७ चा निकाल असा, की एका वर्षानंतर मेंदूच्या वाढीत लक्षणीय फरक नव्हता. माझ्या मते, निवड करण्याआधी सर्जननी गाव विचारावं आणि पावसाळ्यात रस्ता असतो का, तेही.

ज्यांना शंट बसलाय त्यांच्या घरच्यांसाठी: झडपेचं नाव, प्रकार आणि ठेवलेला दाब डिस्चार्ज कार्डावर लिहून घ्या. काही झडपांचा दाब बाहेरून चुंबकानं बदलता येतो. अशी झडप असेल तर एमआरआयच्या आधी तंत्रज्ञाला सांगा आणि नंतर दाब पुन्हा तपासून घ्या. रुग्ण सुस्तावला, उलट्या थांबेनात, तर पोट बिघडलं असेल म्हणून सकाळपर्यंत थांबू नका. कार्ड घ्या आणि निघा.