जावई, दुसरा मजला

नमस्कार, श्रोतेहो. डबे भरून झाले असतील, कुकरची एखादी शिट्टी राहिली असेल तर ती होऊ द्या, मी थांबते.

आज एका नावाबद्दल बोलायचंय. नाव स्पेनमधलं, मुलाचं, चांगलं जुनं. आणि गंमत म्हणजे तुम्ही ते लहानपणापासून ऐकत आलाय, पण ते स्पॅनिश आहे हे डोक्यात आलं नसेल. नाव आहे हावियेर.

हे लिहितात कसं? जे, ए, व्ही, आय, ई, आर. आता हे स्पेलिंग मराठी माणसापुढे ठेवलंत तर तो काय वाचेल, तुम्हीच सांगा. जावि... जावई... हां, तेच. तिथेच तर सगळा घोटाळा झाला. पण तो घोटाळा थोड्या वेळाने सांगते, कारण एकदा तो सुरू केला की माझी वेळ संपते, असा अनुभव आहे.

आधी उच्चार. स्पेनमधे 'जे' हे अक्षर आलं की घसा खाकरायचा. सकाळी गुळण्या करताना जो आवाज येतो, तो हलक्या हाताने काढला की झाला स्पॅनिश 'जे'. आणि 'व्ही' म्हणताना दात ओठांवर टेकवायचे नाहीत, ओठ 'ब'सारखे जवळ आणायचे आणि न मिटता सोडून द्यायचे. म्हणजे खाबियेर आणि हावियेर यांच्या मधलं काहीतरी. आपण सोयीसाठी हावियेर म्हणू.

हाच हावियेर म्हणजे मुंबईचं झेवियर्स. 1869 सालचं ते कॉलेज ज्या संताच्या नावाचं, तो हा. गोव्यात जुन्या गोव्याच्या बॉम जेझू बॅसिलिकात चांदीच्या पेटीत ज्याचं शव आहे, ज्याला कोकणी माणूस 'गोंयचो सायब' म्हणतो, तो सांव फ्रान्सिस्क शाविएर म्हणजेही हाच. झेवियर, शाविएर, हावियेर, तिन्ही एकच. पूर्वी स्पेनमधेही हे नाव 'एक्स'ने लिहीत आणि त्या 'एक्स'चा उच्चार 'श' असे. मग सोळाव्या-सतराव्या शतकात स्पॅनिश लोकांचा तो 'श' घसरत घसरत घशात गेला आणि 1815 साली त्यांच्या भाषा अकादमीने 'एक्स' काढून तिथे 'जे' बसवला. पोर्तुगीजांचा 'श' मात्र जागच्या जागी राहिला. गोव्यात आले पोर्तुगीज, म्हणून गोव्यात शाविएर. आपल्याकडे आले इंग्रज, म्हणून झेवियर. पुन्हा सांगते, गाडीत रेडिओ लावलेल्यांसाठी: झेवियर, शाविएर, हावियेर, माणूस एकच.

आता अर्थ. तो मला कुठल्याही पुस्तकात सापडलेला नाही. तो मला आमच्या जिन्यात सापडला.

झालं असं की 2023 साली आमच्या गच्चीलगतची खोली आम्ही एका स्पॅनिश मुलाला भाड्याने दिली. चाकणच्या एका कारखान्यात सहा महिन्यांच्या कामासाठी आलेला इंजिनियर, तिशीतला, पाम्प्लोना गावचा. नाव हावियेर. मला पहिल्या दिवसापासून काकू म्हणायला लागला, कारण मुलीच्या मैत्रिणी म्हणत.

तिसऱ्या दिवशी कुरियरवाल्याचा फोन. "मॅडम, तुमच्या जावयाचं पार्सल आहे, खाली या." म्हटलं, अरे बाबा, मला जावई नाही. तो म्हणाला, "पार्सलवर तसंच लिहिलंय, मी काय करू?" खाली गेले तर खरंच, इंग्रजी मोठ्या अक्षरांत ते नाव, आणि शेवटचा 'आर' टेपखाली गेलेला. आमचे वॉचमनकाका तर त्याच्याही पुढचे. सोसायटीच्या वहीत त्यांनी पहिल्याच दिवशी नोंद करून ठेवली होती, ती मी तेव्हा पाहिली. नाव: जावई. कोणाकडे: दुसरा मजला. कामाचे स्वरूप: राहणे.

राहणे! आता घरात माझी मुलगी कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला. आठ दिवसांत सोसायटीतल्या बायका मला लिफ्टमधे हसून विचारायला लागल्या, "कधी उरकलंत हो? कळवलं नाहीत?" मुलगी माझ्याशी बोलेना, नवरा हसून लोळायचा बाकी. आणि तो हावियेर बिचारा, दिसेल त्याला हात जोडून "नमस्कार" करत जिना चढायचा, त्यामुळे जावयाचं कौतुक आणखीच वाढलं. किती नम्र आहे बाई.

आणि नेमका त्या वर्षी अधिक महिना. अधिक श्रावण, 18 जुलै ते 16 ऑगस्ट. माझ्या पोटात तेव्हाच गोळा आला होता.

आमच्या समोरच्या दारात एक आजी राहतात. मूळच्या हिंगोलीकडच्या. तिन्ही मुलगेच, मुलगी नाही. एका संध्याकाळी दार वाजलं. दारात आजी, नऊवारी नेसलेल्या, हातात पितळी ताट, ताटात तेहतीस अनारसे, मधे छोटं निरांजन. म्हणाल्या, "जावई आलेत का कामावरून?"

मी त्यांना आत घेतलं, पाणी दिलं आणि सगळं नीट समजावून सांगितलं. आजी, तो जावई नाही, भाडेकरू आहे, त्याचं नाव हावियेर आहे, स्पेनचा आहे. आजींनी शांतपणे ऐकलं. म्हणाल्या, "मला काय ऐकू येत नाही व्हय? पहिल्या दिवसापासून माहिती हाय मला. पण नाव जावई हाय ना? मला लेक नाही, कधी कुणाला वाण देता आलं नाही. ह्याचं नाव तरी हाय. बोलाव त्याला."

श्रोतेहो, बोलावलं. काय करता?

(अनारशांवरून आठवलं म्हणून सांगते. आजींचे अनारसे बघायला हवे होतेत. खसखस एका बाजूला, तीच बाजू वर ठेवून तळलेले, उलटायचा प्रश्नच नाही, जाळी अशी की पलीकडचं दिसावं. हल्ली पाकिटात बिस्किटासारखे जाड अनारसे मिळतात, ते ज्यांना गोड लागतात त्यांना लागोत बापडे. आणि तयार पिठाबद्दल मी रेडिओवर काही बोलत नाही.)

तर हावियेर आला. आजींनी त्याला जिन्याच्या चौकातच, आमच्या दोन दारांच्या मधे, पाटावर बसवलं, कुंकू लावलं, ओवाळलं, ताट हातात दिलं. त्याने विचारलं, तेहतीसच का? मी म्हटलं, ते मला विचारू नकोस, खा. त्याने एक मोडला, तोंडात टाकला, डोळे मिटले. मग त्याला वाटलं, एवढं दिलंय तर निदान या आजींचं पूर्ण नाव तरी आपल्याला माहीत हवं. त्याने समोरच्या दारावरची पाटी बोटाने दाखवली. "काकू, ही काय लिहिलंय?"

मी म्हटलं, नवघरे. आडनाव आहे त्यांचं. त्याने अर्थ विचारला. मी सहज सांगून टाकलं, नव म्हणजे नवं, घर म्हणजे घर. नवं घर.

तो उठून उभा राहिला. कपाळाला कुंकू, हातात अर्धा अनारसा, मिशीला खसखस. म्हणाला, "काकू, माझं नाव तेच आहे."

आणि मग त्या जिन्यात मला या नावाचा अर्थ कळला. हावियेर हे मुळात माणसाचं नावच नाही, गावाचं आहे. स्पेनच्या उत्तरेला नवारे नावाचा प्रांत, तिथे हावियेर नावाचं छोटंसं गाव आणि एक किल्ला. त्या भागाची जुनी भाषा बास्क. स्पॅनिशशी तिचं काही नातं नाही, जगातल्या दुसऱ्या कुठल्याही भाषेशी नातं सापडलेलं नाही. बास्कमधे 'एचे' म्हणजे घर आणि 'बेरी' म्हणजे नवं. विशेषण मागून येतं, घर-नवं. एचे-बेरी. तोंडातोंडी पुढचा 'ए' गळाला, 'चे'चा 'शा' झाला, आणि उरलं शाबिएर. लक्षात ठेवा: एचे घर, बेरी नवं. एचे-बेरी, शाबिएर, हावियेर. नवं घर.

आजींना हे मी मराठीत सांगितलं. तोवर हा मुलगा त्यांचा हात हातात धरून म्हणतोय, "तोकाया! तोकाया!" आजी घाबरल्या. "काय म्हणायलाय त्यो? कुणाला ठोकाया निघालाय?"

स्पॅनिशमधे एकाच नावाच्या दोन माणसांनी एकमेकांना म्हणायचा खास शब्द आहे, तोकायो. बाई असेल तर तोकाया. आपल्याकडे त्याला 'नाववाला' म्हणावं तर ते नाव ठेवल्यासारखं वाटतं. मी आजींना सांगितलं, तो म्हणतोय तुम्ही आणि तो एकाच नावाचे. आजींनी त्याला आपादमस्तक पाहिलं. "म्हणजे नवघऱ्यांचाच का? मग जावई कसला, पोरगाच की." आणि ताटातले चार अनारसे परत उचलून घेतले. पोराला काय, तो घरचाच!

त्यानंतर तासभर आम्ही तिघं जिन्यातच बसलो होतो. त्याच्या नावाच्या गावातल्या किल्ल्याची गोष्ट त्याने तिथेच सांगितली, आजी मधे मधे "मग?" म्हणत होत्या. त्या किल्ल्यात 7 एप्रिल 1506 ला एक मुलगा जन्मला, फ्रान्सिस्को. बाप हुआन दे हास्सो नवारेच्या राजाच्या दरबारी मोठ्या पदावर, आई मारिया किल्ल्याची वारस. 1512 साली शेजारच्या कॅस्टाइल राज्याने नवारे जिंकून घेतलं. तीन वर्षांनी बाप वारला. 1516 साली हुकूम सुटला की नवारेतले किल्ले पाडा. या घराचे बुरूज पाडले, तटाच्या भिंती पाडल्या, खंदक बुजवले, राहायचं घर तेवढं ठेवलं. मुलगा 10 वर्षांचा, बघत होता. आजी म्हणाल्या, "नाव नवं घर, आन् घरच पाडलं मेल्यांनी."

तो फ्रान्सिस्को पुढे पॅरिसला शिकला, तिथे जेझुइट या ख्रिस्ती धर्मसंघाचा संस्थापक इग्नेशियस लोयोला भेटला, जेझुइट झाला, आणि आपल्या 35व्या वाढदिवशी लिस्बनहून गलबतावर चढला, 6 मे 1542 ला गोव्यात उतरला. आईबापांच्या आडनावांऐवजी लोक त्याला गावाच्या नावानेच ओळखत. फ्रान्सिस्को, हावियेरचा. आपल्याकडे सातारकर, पुणेकर म्हणतात तसं. 3 डिसेंबर 1552 ला चीनच्या किनाऱ्याजवळच्या बेटावर तो वारला, 1622 साली संत ठरला, आणि मग स्पेनमधे लोक मुलांचं नाव ठेवायला लागले, फ्रान्सिस्को हावियेर. पुढे फ्रान्सिस्को गळालं, नुसतं हावियेर उरलं. म्हणजे बघा, गावाचं नाव माणसाच्या मागे लागलं आणि तिथून पाळण्यात गेलं. आपण कुणी बाळाचं नाव सातारकर ठेवत नाही. अर्थात हल्ली ज्या नावांना अर्थच नसतो ती ठेवतात, त्यापेक्षा सातारकर परवडलं. मागच्या महिन्यात एका बारशाला गेले होते, नाव ऐकून मला वाटलं औषधच आहे. असो.

घरात हावियेरला हावी म्हणतात. बास्क लोक आजही 'एक्स'नेच लिहितात, शाबिएर, लाडाने शाबी. फुटबॉलवाल्यांना शाबी आलोन्सो माहीत असेल, तो बास्क. आणि तो दुसरा, बार्सिलोनाचा शावी, त्याचंही नाव हेच, कातालान म्हणजे बार्सिलोनाकडच्या भाषेच्या वळणाचं. याच 'एचे-बेरी'तून एचेवेर्रिया हे आडनाव निघालं, मेक्सिकोचे एक राष्ट्राध्यक्ष त्या आडनावाचे होते. ओपुस देई या कॅथलिक संस्थेचे एक प्रमुख होते हावियेर एचेवारिया. म्हणजे नवघर नवघरे. हे ऐकून आजी इतक्या हसल्या की ठसका लागला.

आपल्याकडे नवघर गावंही आहेत हो. उरणजवळ आहे, भाईंदरला आहे, आणि वसईचं नवघर-माणिकपूर. त्या वसईच्या नवघरात कितीतरी झेवियर राहत असतील. त्यांच्या पत्त्यात आणि नावात एकच गोष्ट दोनदा लिहिलेली असते आणि पोस्टमनला पत्ता नाही.

वेळ संपत आली, निर्माते काचेपलीकडून हात दाखवतायत, एवढंच सांगते. हावियेर डिसेंबरच्या शेवटी गेला. 3 तारखेला त्याच्या नावाचा दिवस होता. तिकडे वाढदिवसासारखा हाही दिवस साजरा करतात आणि नवारेत तर त्या दिवशी सुट्टीच असते. आजींनी पुरणपोळ्या केल्या, या वेळी ओवाळलं नाही, नुसतं ताट वाढून "जेव रे" म्हणाल्या. जायच्या दिवशी त्याच्या बॅगा उतरवताना मी मुद्दाम वॉचमनकाकांच्या वहीत डोकावले. जावई खोडलं होतं. त्यावर निळ्या शाईत, थोडं तिरकं: नवघरे, स्पेनवाले. कामाचे स्वरूप तेच ठेवलं होतं, राहणे.

नमस्कार.