ओटीतली खारीक आणि १९४० चा नियम

ही खारीक बघा. कॅमेरा जरा जवळ घे. पिवळट, सुरकुतलेली, दाबली तरी दबत नाही. आज सकाळीच वाशीच्या एपीएमसीतून, मसाला मार्केटमधून आणली. ओटी भरायची तर पाच खारका लागतात, बाळंतिणीच्या लाडवात खारकेची पूड लागते. आणि वर्षानुवर्षं आपल्या बाजारात ही खारीक मोठ्या प्रमाणावर यायची ती पाकिस्तानातून, सिंधच्या बागांमधून.

नमस्कार मंडळी. २२ एप्रिल २०२५ ला पहलगामचा हल्ला झाला आणि २ मे रोजी डीजीएफटीची, म्हणजे परकीय व्यापार महासंचालनालयाची, अधिसूचना आली. पाकिस्तानात पिकलेला किंवा तिथून निघालेला कुठलाही माल भारतात आणायचा नाही. थेट नाही आणि दुसऱ्या देशातून फिरवूनही नाही. त्याआधी, २०१९ मध्ये पुलवामानंतर, या मालावर २०० टक्के सीमाशुल्क बसलंच होतं. आता दारच बंद.

पण एका अधिसूचनेनं एका देशाचा व्यापार थांबवायचा, हा अधिकार सरकारला मिळाला कुठून? त्यासाठी दुसऱ्या महायुद्धात जावं लागतं. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध पेटलं आणि भारत संरक्षण नियमांखाली आधी परकीय चलनावर नियंत्रण आलं. १९४० मध्ये आयातीवर आलं. कारण सरळ होतं. जहाजात जागा कमी, डॉलर त्याहून कमी, त्यामुळे आधी लढाईला लागणारं सामान, बाकीचं नंतर. व्यापाऱ्यानं माल मागवण्याआधी सरकारकडून परवाना घ्यायचा. शत्रूदेशाशी व्यवहार तर थेट गुन्हा.

१९४५ ला युद्ध संपलं. परवाना मात्र गेला नाही. १९४७ मध्ये आयात-निर्यात नियंत्रण कायदा झाला, तोही ठरावीक मुदतीपुरता. मुदत वाढवत नेली आणि तो कायदा १९९२ पर्यंत टिकला! घरात बाहेरची वस्तू आली की शेजारपाजार बघायला यायचा, ते दिवस तुमच्या आईवडिलांना विचारा. १९९२ च्या परकीय व्यापार कायद्यानं बहुतेक माल मोकळा केला, पण हवी तेव्हा बंदी घालायचा अधिकार सरकारकडेच ठेवला. २ मेची अधिसूचना त्याच अधिकारातून आली.

आता आपल्या दारातली गोष्ट. न्हावा शेवा बंदर, वाशीहून उरण रस्त्यानं गेलं की आलंच. जून २०२५ मध्ये डीआरआयनं, महसूल गुप्तचर संचालनालयानं, 'ऑपरेशन डीप मॅनिफेस्ट'मध्ये ३९ कंटेनर पकडले. १,११५ टन माल, किंमत सुमारे ९ कोटी. कागदावर मूळ देश संयुक्त अरब अमिरात. खरं तर माल पाकिस्तानातून दुबईला गेला, तिथं कंटेनर बदलले, जहाज बदललं आणि इकडे आला. त्यात हीच खारीक होती.

इथं एक गोष्ट नीट समजून घ्या, विशेषतः आयातीच्या धंद्यातल्यांनी. माल कुठल्या बंदरातून चढला हे कस्टम्स बघतंच, पण बंदी तो पिकला कुठं यावरूनही लागते. दुबईचं बिल हातात असलं म्हणून सिंधची खारीक दुबईची होत नाही. बिल ऑफ एंट्रीत, म्हणजे आयातदार कस्टम्सला देतो त्या मालाच्या घोषणापत्रात, मूळ देश खोटा लिहिला तर माल जप्त होतो, अटकही होते. या प्रकरणात आयातदार फर्मच्या एका भागीदाराला झालीच.

माझं मत विचाराल तर ही बंदी मला पटते. पहलगाममध्ये माणसं मारली गेल्यावर व्यापार चालूच ठेवा असं मी म्हणणार नाही. मला खटकतात ते अधिसूचनेतले दोन शब्द: 'पुढील आदेशापर्यंत'. तारीख लिहिलेला १९४७ चा कायदा पंचेचाळीस वर्षं चालला, इथं तर तारीखच नाही. दर सहा महिन्यांनी या बंदीची कारणं सरकारनं संसदेत मांडावीत, एवढीच माझी मागणी आहे. तुमच्या खासदारांना हे लिहून पाठवा. मी माझं पत्र कालच टाकलं.